खुर्ची घरातच राहिली

गुणवंत महाविद्यालय, वारंगा फाटा
२१ जुलै २००२

चि. सौ. रागिणीस,
अनेक आशीर्वाद.

फोनवर धड बोलले नाही म्हणून रागावू नकोस. इथला फोन ऑफिसात आहे आणि पलीकडच्या टेबलावरचा कारकून माझ्या प्रत्येक शब्दाला कान लावून असतो. त्यापेक्षा आपली पत्रंच बरी.

बातमी अशी, की आमचे जुने अधिष्ठाता निवृत्त झाले आणि नवा माणूस निवडेपर्यंत विद्यापीठानं कारभार माझ्याकडे दिला. मी आणि दादा अधिष्ठात्यांच्या बंगल्यात राहायला आलो. दादांनी गावाकडची मेंढरं विकली तेव्हा दोन शेळ्या ठेवल्या होत्या, त्या सोबत आणल्या. मागच्या साहेबांच्या गुलाबाच्या वाफ्याला लागून बांधल्यात. आता गुलाब नाहीत.

तुला वाटेल, अक्काला खुर्चीचं काय पडलंय? मलाही तसंच वाटायचं. खेड्यापाड्यातली हुशार पोरं वेचून आणायची, वसतिगृहात ठेवून शहरातल्यांपेक्षा सरस शिकवायची, म्हणून विद्यापीठानं हे महाविद्यालय काढलं. मी आपली गणित शिकवत होते, त्यात सुखी होते. पण मागच्या आठवड्यात एक गोष्ट घडली. प्रतिक्षा नावाची मुलगी आहे, आखाडा बाळापूरची. मी फळ्यावर अर्धं उदाहरण लिहिते तोवर पुढचं तिच्या ओठांवर असतं. तिचा बाप तिला न्यायला आला. सोयरीक जमवली म्हणे. पोरगी माझ्या मागं येऊन उभी राहिली. मी म्हणाले, "अधिष्ठात्याच्या सहीशिवाय मुलगी फाटकाबाहेर जात नाही, आणि मी सही करणार नाही."

तो म्हणाला, "बाई, पोरगी माझी हाय."

मी म्हणाले, "व्हय, पण वसतिगृह माझं हाय."

तो निघून गेला. रागी, ही खुर्ची कशासाठी असते ते मला त्या दिवशी कळलं. कायमच्या जागेची जाहिरात निघाली आहे. मी अर्ज करणार. शिवप्रसादरावांनाही सांग, ते विद्यापीठातच आहेत, त्यांना रीतभात ठाऊक.

दादा बरे आहेत. माझ्या भाच्याला, माऊलीला, गोड पापा.

तुझी,
अक्का

—

विद्यापीठ वसाहत
९ ऑगस्ट २००२

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र यांना वाचून दाखवलं. "आपल्या घरात अधिष्ठाता!" म्हणून यांनी मला टाळीच दिली. खरंच गं, मेंढरं राखणाऱ्या दादांच्या पोरी आपण, शाळेतल्या गुरुजींनी नावं ठेवली म्हणून सुकन्या आणि रागिणी. नाहीतर आपल्यात काय नावं असतात तुला ठाऊकच आहे. आई गेली तेव्हा माझी वेणी घालून, भाकरी बांधून मग तू कॉलेजची एसटी धरायचीस. तुझं भलं झालं तर मला नाही आनंद होणार तर कुणाला?

हे म्हणतात, मुलाखतीत हमखास विचारतील की महाविद्यालय पुढं कसं चालवणार. तू मनात काय काय ठरवलंयस ते सविस्तर लिही. हे सांगतील काय बोलायचं, काय गाळायचं. तू हुशार, पण बोलायला फटकळ. निवड समितीवर हरिचंदराव आहेत, ते यांच्या चांगल्या ओळखीचे. त्यांचा शब्द कुणी खाली पडू देत नाही.

आणि तब्येत? गोळ्या घेतेस ना नेमानं? पुन्हा कधी तसं झालं नाही ना? मला रोज काळजी वाटते.

एक सांगू, रागावू नकोस. शेळ्यांचं काहीतरी बघ. बंगल्यावर मोठी माणसं येणार. आणि दादांना म्हणावं, निदान सदरा घालून बसा. घोंगडं पांघरून व्हरांड्यात बसलेला माणूस पाहून लोकांना काय वाटेल?

तुझी लाडकी,
रागी

—

वारंगा फाटा
२५ ऑगस्ट २००२

चि. सौ. रागिणीस,
अनेक आशीर्वाद.

दादांना सदऱ्याचं सांगितलं. म्हणाले, "रागीला म्हणावं, ह्याच घोंगड्यात तुला गुंडाळून दवाखान्यात नेलं व्हतं." सदरा परत पेटीत गेला.

शिवप्रसादरावांनी विचारलं म्हणून लिहिते. पहिलं, नुसत्या मार्कांवर मुलं घ्यायची नाहीत. गावोगाव जायचं, आपण पाहून निवडायची. अंगात धमक आहे पण शाळेत मास्तरच नाही अशी कितीतरी लेकरं आहेत. दुसरं, इथल्या प्रत्येक विद्यार्थ्यानं आठवड्यातून एक दिवस आपल्या जवळच्या गावच्या शाळेत शिकवायचं. दुसऱ्याला शिकवल्याशिवाय आपल्याला किती येतं ते कळत नाही. आणि तिसरं, मुलीला मधूनच घरी न्यायचं असेल तर बापाच्या आधी मुलीला विचारायचं, तेही अधिष्ठात्यासमोर. हे तिसरं समितीला पचणार नाही, पण मी बोलणार.

तब्येतीचं विचारलंस. तुझ्यापासून काय लपवायचं? उन्हाळ्यात, पेपर तपासून होत आले तेव्हा, एकदा फिट आली. बऱ्याच वर्षांनी. स्वयंपाकघरात पडले. दादा जवळ होते, त्यांनी सांभाळलं. बाकीचं लिहीत नाही. डॉक्टरांनी गोळी वाढवली. म्हणाले, "नेमानं औषध घ्या, झोप घ्या, आणि जगात कुणी करतं ते सगळं करा." तेव्हापासून ठीक आहे. हे तुला आणि दादांनाच ठाऊक. तिथंच राहू दे.

दिवाळीला सगळे या.

तुझी,
अक्का

—

विद्यापीठ वसाहत
१४ नोव्हेंबर २००२

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

दिवाळीत किती केलंस गं आमचं! तुझ्या हातच्या पुरणपोळ्यांची चव अजून यांच्या जिभेवर आहे. आणि दादा व हे केवढं बोलत बसायचे! दादा कधी यांच्याशी इतकं बोलले नव्हते.

आता एक सांगायचं आहे. तिथंच सांगणार होते, पण तू चुलीपुढं घामाघूम झालेली, तुझं तोंड बघून धीर झाला नाही. त्या जागेसाठी यांनीही अर्ज केला आहे. कुलगुरूच म्हणाले, "शिवप्रसाद, तुम्ही नाही तर कोण?" मोठ्या माणसाला नाही कसं म्हणायचं? जाहिरात निघाली त्याच आठवड्यात केला. तुझं पत्र आलं तेव्हा सांगायचं राहूनच गेलं.

अक्का, शांतपणे विचार कर. तू एकटी. तुझ्या पगारात तुझं आणि दादांचं छान भागतं. यांच्यापुढं सगळं आयुष्य आहे, माऊली आहे. तू अर्ज मागं घेतलास तर कुणाला कमीपणा नाही. उलट लोक म्हणतील, केवढं मन! बहिणीसाठी सोडलं. आणि खुर्ची घरातच राहील ना? हे तुला गणित विभागाची प्रमुख करतील, मी शब्द घेतलाय त्यांच्याकडून.

नाही म्हणू नकोस. तू मला आजवर कशालाच नाही म्हणाली नाहीस.

तुझीच,
रागी

—

वारंगा फाटा
२६ नोव्हेंबर २००२

चि. सौ. रागिणीस,
आशीर्वाद.

तुझी पत्रं मी दादांना वाचून दाखवते. हे दाखवलं नाही.

तुझा नवरा माझ्या घरात बसून माझ्या हातचं जेवला, आणि रोज मला विचारत होता, "अक्का, गावोगाव जाऊन मुलं निवडायची म्हणजे नेमकं कसं?" मी ताटात वाढता वाढता सांगत होते.

अर्ज मागं घेणार नाही. त्यांनीही घेऊ नये. दोघं मुलाखतीला जाऊ, समितीला जो योग्य वाटेल तो बसेल. ती खुर्ची त्यांच्या नशिबी असेल तर मी त्यांच्या हाताखाली गणित शिकवीन, तोंड वाकडं न करता. हे मी मनापासून लिहिते आहे.

तुझे हरिचंदराव परवा महाविद्यालय पाहायला आले होते. मला उगाच धास्ती होती, पण माणूस चांगला वाटला. वर्गात मागच्या बाकावर बसले, वसतिगृहात भाकरी खाऊन पाहिली. मी तासावर होते तेव्हा बंगल्याच्या व्हरांड्यात दादांपाशी बराच वेळ बसले. दादांनी शेळीच्या दुधाचा चहा पाजला म्हणे. जाताना मला म्हणाले, "तुमचे वडील फार सरळ मनुष्य आहेत." घोंगड्यासकट आवडले त्यांना, तुला कळवते.

माझा राग नाही. पण असं परत करू नकोस.

अक्का

—

वारंगा फाटा
१९ डिसेंबर २००२

रागिणी,

काल मुलाखत झाली. माझ्या आधी तुझा नवरा आत गेला. बाहेर येताना माझ्या पाया पडला.

मी आत गेले. महाविद्यालय कसं चालवाल, विचारलं. मी गावोगाव जाण्याचं सांगायला लागले तर एक बाई हसल्या. म्हणाल्या, "हे आत्ताच ऐकलं आम्ही. तुमच्या मेहुण्यांनी फार छान मांडलं." दुसरं सांगितलं, तेही ऐकलेलं. तिसरं मात्र त्यांनी सांगितलं नव्हतं. ते मी सांगितलं, तर एकानं पेनाला टोपण लावलं.

मग हरिचंदराव म्हणाले, "मॅडम, एक नाजूक प्रश्न आहे. उन्हाळ्यात आपल्याला फेफरं आलं होतं?"

मी खोटं बोलले नाही. हो म्हणाले. डॉक्टर काय म्हणाले तेही सांगितलं. त्यांनी ते ऐकून घेतलं आणि म्हणाले, "तोंडाला फेस आला होता, कपडे खराब झाले होते, बराच वेळ आपल्याला माणूस ओळखू येत नव्हता. खरं ना? उद्या विद्यार्थ्यांच्या सभेत असं झालं तर मुलींवर काय परिणाम होईल? आम्हाला आपली काळजी वाटते, म्हणून विचारतो."

समोर पाच माणसं. चहाच्या कपात बघत होती सगळी. मी त्या खोलीतून कशी उठले ते आठवत नाही. दारात शिपायानं विचारलं, "बाई, पाणी आणू का?" त्याच्याही चेहऱ्यावर तेच होतं, आता ही पडते की काय.

मी हे जगात एका माणसाला लिहिलं होतं. तुला. तुझ्या डोक्यातल्या उवा काढल्या मी, तुझ्या बाळंतपणात तुझे कपडे धुतले. तू माझे कपडे पाच लोकांपुढं वाळत घातलेस.

सुकन्या

—

विद्यापीठ वसाहत
४ जानेवारी २००३

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

निकाल तुला कळलाच असेल. हे अधिष्ठाता झाले. आनंदाच्या दिवशी तुझं पत्र हातात पडलं आणि मी पेढा परत डब्यात ठेवला.

मी उत्तर देणारच नव्हते. पण तू माझ्यावर खोटा आळ घेतलास, म्हणून तुला खरं कळलंच पाहिजे. तुझं ऑगस्टचं पत्र काढून पुन्हा वाचलं. तू लिहिलं आहेस, स्वयंपाकघरात पडले, दादांनी सांभाळलं, बाकीचं लिहीत नाही. फेसाचं, कपड्यांचं, माणूस न ओळखण्याचं तू मला कधी लिहिलंस? मला ठाऊकच नव्हतं तर मी सांगेन कशी? तू गणिताची बाई. त्या वेळी घरात कोण होतं, ते तूच मांड.

हरिचंदरावांना दादांनी सांगितलं, अक्का. तुझ्याच व्हरांड्यात बसून.

दिवाळीत यांनी दादांना नुसतं विचारलं होतं, "कुणी अक्कांच्या तब्येतीचं विचारलं तर काय सांगाल?" यात पाप काय आहे? दादा म्हणाले, "खरं हाय ते सांगीन." मी तिथंच बसले होते. पुढं म्हणाले, "सुकन्याच्या मागं कोण हाय? तिचं तिच्यासोबत जाईल. जावई मोठा झाला तर नातवाचं नाव निघतं." मी काय दादांचं तोंड धरायचं होतं? बापाला कुठली लेक जड, कुठली हलकी, ते बापच जाणे.

तुला दुःख व्हावं म्हणून नाही लिहिलं. माझ्याबद्दल तुझ्या मनात किल्मिष राहू नये, एवढंच.

आता घराचं. संक्रांतीनंतर आम्ही बंगल्यात येऊ. तुला प्राध्यापकांच्या चाळीत खोली द्यायला हे तयार आहेत. खिडक्यांचे पडदे राहू दे, मापाचेच आहेत. दादांना मात्र आमच्या येण्याआधी गावाकडं पोचव, शेळ्यांसकट. सासरा जावयाच्या घरात शोभत नाही, दादांनाही ते आवडणार नाही.

तुझी,
रागिणी

—

वारंगा फाटा
१३ जानेवारी २००३

रागिणी,

तुझं पत्र वाचलं आणि दादांकडे गेले. ते दोरी वळत बसले होते. मी विचारलं, "दादा, हरिचंदरावांना माझ्या फेफऱ्याचं तुमी सांगितलं?"

"व्हय."

"कपड्यांचंबी?"

"त्यानं इचारलं, कसं व्हतं? मंग सांगितलं. काहून? खोटं हाय का?"

"काहून सांगितलं, दादा?"

त्यांनी हातातली दोरी खाली ठेवली नाही. म्हणाले, "गावात गेलो का लोकं म्हणतेत, दगडोबा बिनलग्नाच्या पोरीचं खाऊन राहिला. तू आनिक मोठी झाली असती तर आनिक म्हणले असते. जावई साहेब झाला तर मला चार लोकांत बसता येईल. तुला काय कमी पडून राहिलं? तुझं चाललंय की."

मी म्हणाले, "त्या दिवशी तुमीच माझं डोकं मांडीवर घेतलं होतं."

"मंग? पोरगी हाय माझी. घ्यावंच लागतं." आणि वर बघून म्हणाले, "आज भाकरी टाकनार न्हाईस का?"

टाकली. वाढली. ते जेवले.

मी राजीनामा दिला आहे. जवळा बाजारला कनिष्ठ महाविद्यालयात गणिताची जागा होती, तिथं उद्या रुजू होते. अकरावी-बारावी. माझं सामान आज गेलं. प्रतिक्षा सामान उचलायला आली होती. विचारत होती, "मॅडम, आता सही कोण करणार?" मी सांगितलं, "नवे साहेब."

पडदे ठेवले आहेत. दादाही ठेवले आहेत. गावाकडं पोचवलं नाही. त्यांना सांगितलं, जावई येणार आहेत, तुमी इथंच बसा, हे आता तुमच्या जावयाचं घर. खूश झाले. कुलगुरूंना, हरिचंदरावांना, जो कुणी येईल त्याला व्हरांड्यात घोंगडं पांघरलेले भेटतील. मोठ्या अपेक्षेनं बसले आहेत, त्यांना निराश करू नका. शेळ्या मागं आहेत.

सुकन्या

—

अधिष्ठाता निवास, वारंगा फाटा
६ जुलै २००३

ती. अक्कास,
सा. न. वि. वि.

माझ्या चार पत्रांना तू उत्तर दिलं नाहीस. तरी लिहिते, कारण आता माझ्यानं होत नाही.

दादा टेबलावर जेवत नाहीत, ताट घेऊन पायरीवर बसतात. येणाऱ्या प्रत्येकाला सांगतात, "मी सायबाचा सासरा." शेवटी यांनी त्यांची सोय फाटकाजवळ पहारेकऱ्याच्या खोलीत केली. हवेशीर आहे. शेळ्या विकल्या. तेव्हापासून दादांचं जेवण तुटलं. सकाळी उठून फाट्यावर जातात आणि उभ्या असलेल्या प्रत्येक जीपवाल्याला विचारतात, "जवळा बाजार?" लोक येऊन आम्हाला सांगतात. यांना किती तकलीफ होते तुला कल्पना नाही. मोठ्या पदावरच्या माणसाचा सासरा असा फाट्यावर!

यांच्यावर आधीच लोकांचा डोळा आहे. तुझी ती प्रतिक्षा, तिचा बाप पुन्हा आला. यांनी सही दिली. गावकऱ्यांशी वैर काहून घ्यायचं? मुलीनं थोडा तमाशा केला, पण मे महिन्यात लग्न झालं, स्थळ चांगलं आहे.

अक्का, दादा फक्त तुझं नाव घेतात. "सुकन्याची भाकरी," म्हणतात. माझ्या हातचं गिळवत नाही त्यांना. झालं गेलं सोड. म्हातारा माणूस, त्यांना काय कळतं? आमचा ड्रायव्हर मोहनसिंग त्यांना घेऊन येईल. तू एकटीच आहेस, तुलाही सोबत होईल. यापुढं आम्ही काही मागणार नाही.

तुझी,
रागी

—

जवळा बाजार
१९ जुलै २००३

रागिणी,

मोहनसिंग गुरुवारी दादांना घेऊन आला. बाजाराचा दिवस नव्हता, रस्ता मोकळा होता, सकाळीच पोचले. दादा फार वाळले आहेत. गाठोडं काखेत धरून आत आले, खोली पाहिली, म्हणाले, "बरी हाय. वारं येतं."

मी पिठलं-भाकरी केली. पोटभर जेवले, ताट बोटानं पुसून घेतलं. मोहनसिंगलाही वाढलं. मग दादा भिंतीला टेकून बसले आणि म्हणाले, "सुकन्या, माझं चुकलं असंल तर बोल."

मी म्हणाले, "तुमचं काहीच चुकलं न्हाई दादा. तुमी खरं तेच बोलला."

त्यांना बरं वाटलं. तंबाखू मळायला घेतली. मी विचारलं, "प्रतिक्षाच्या लग्नाला गेला होता का?"

"व्हय. जावयानं गाडीत बसवून नेलं. पंगत झक्कास व्हती. पोरगी लई रडून राहिली, पण रडतेतच पोरी. तुझं नाव घेत व्हती." मग म्हणाले, "लोकायनं मला जावयाच्या बराबर खुर्ची दिली."

मी भांडी घासली. गाठोडं उचललं आणि बाहेर गाडीत नेऊन ठेवलं. मोहनसिंगला सांगितलं, यांना परत न्यायचं. तो म्हणाला, "बाई, सायब मला रागावतील." मी म्हणाले, "रागावू देत."

दादांना वाटलं, गाठोडं दुसऱ्या खोलीत नेलं. मी "चला" म्हणाले तर चपला घालून माझ्या मागं आले. गाडीजवळ आल्यावर कळलं. दोन्ही हातांनी दाराची कड धरली. हातात अजून जोर आहे. मी एकेक बोट सोडवलं, हात त्यांच्या मांडीवर ठेवला आणि दार लावलं.

पुन्हा पाठवलंस तर पुन्हा जेवू घालीन आणि पुन्हा परत पाठवीन. म्हणून पाठवू नकोस.

मोहनसिंगनं गाडी वळवली. माझा अकरावीचा तास होता. मी गेले. मुलं उभी राहिली, त्यांना बसा म्हणाले, आणि फळा पुसायला घेतला.

सुकन्या